शाळेचा मेसेज आला, आता वेश कोण शिवणार? मुलांचे वेश घरच्या घरी: शिवण, हिशोब आणि भाडं



या आठवड्याच्या व्हिडिओत आपण पिवळं पितांबर कसं शिवायचं आणि पुठ्ठ्याचा मुकुट कसा बनवायचा ते पाहिलं. व्हिडिओत हात दिसतात, पण हिशोब दिसत नाही. म्हणून हा लेख. वही-पेन घेऊन बसा, कारण मध्ये मध्ये आकडे आहेत.

हा धडा दोन प्रकारच्या लोकांसाठी आहे. एक, ज्यांना स्वतःच्या मुलाचा वेश घरी करायचा आहे. दोन, ज्यांच्याकडे शिलाई मशीन आहे, हातात कला आहे, शेजारपाजारचे लोक "जरा एवढं शिवून द्या की" म्हणून येतात, पण महिन्याच्या शेवटी हातात काही उरत नाही. दुसऱ्या प्रकारच्या मंडळींनी शेवटपर्यंत वाचाच.

आधी बाजार समजून घ्या

मुलांच्या वेशांचा धंदा बारा महिन्यांचा आहे, पण रोजचा नाही. तो तारखांवर चालतो. कोल्हापुरातल्या शाळांचं वर्ष डोळ्यांसमोर आणा.

जूनच्या मध्याला शाळा सुरू होते आणि लगेच २६ जूनला राजर्षी शाहू महाराजांची जयंती येते. १ जुलैला कृषी दिन, म्हणजे छोटे शेतकरी. आषाढी एकादशीच्या आधी शाळांच्या बालदिंड्या निघतात, त्यात विठ्ठल, रखुमाई आणि वारकरी. आपल्याकडे तर नंदवाळला प्रतिपंढरपूर म्हणतात, त्यामुळे दिंडीचं वेड घराघरात. मग १ ऑगस्टला लोकमान्य टिळक पुण्यतिथी आणि अण्णा भाऊ साठे जयंती, १५ ऑगस्ट, गोकुळाष्टमी. १४ नोव्हेंबरला बालदिन. डिसेंबर-जानेवारीत स्नेहसंमेलनं. ३ जानेवारीला सावित्रीबाई, १२ जानेवारीला जिजाऊ, १९ फेब्रुवारीला शिवजयंती.

हल्ली काही इंग्रजी माध्यमाच्या बालवाड्यांत ३१ ऑक्टोबरला हॅलोविन पण करतात. भूत, चेटकीण, भोपळा असले वेश मागतात. त्याची नोंद डायरीत असू द्या, पण त्यासाठी माल भरू नका. तो काळ दिवाळीच्या आसपासचा. २०२४ साली तर ३१ ऑक्टोबरला दिवाळीच होती. आपली पोरं तेव्हा अंगणात किल्ला करण्यात आणि त्यावर मावळे मांडण्यात गुंतलेली असतात. ऑर्डर आलीच तर काळ्या कापडाचा सैल झगा आणि पुठ्ठ्याची टोकदार टोपी, एवढ्यात काम होतं. तोच काळा झगा स्नेहसंमेलनात नाटकातल्या राक्षसाला चालतो.

आता यातली मेख बघा. शाळेचा मेसेज पालकांच्या ग्रुपवर तीन-चार दिवस आधी येतो. सगळ्यांना वेश एकाच दिवशी हवा असतो. दुसऱ्या दिवशी त्याला कोणी विचारत नाही. म्हणजे तुमचा खरा शत्रू तारीख आहे. जो तारखेच्या आधी तयार असतो, तो कमावतो. जो मेसेज आल्यावर कापड आणायला पळतो, तो रात्री जागतो आणि तरी नुकसानीत जातो.

एक पाया, अनेक वेश

नवीन माणूस प्रत्येक पात्रासाठी वेगळा वेश शिवतो. तसं करू नका. वेशाचे दोन भाग करा: पाया आणि ओळख. पाया म्हणजे अंगावरचे कपडे. ओळख म्हणजे ज्यावरून बघणारा पात्र ओळखतो ती वस्तू.

चार पाये पुरतात.

१. पिवळं शिवलेलं धोतर, म्हणजे पितांबर, आणि शेला. मोरपीस आणि बासरी दिली की कृष्ण. उंच मुकुट, तुळशीची माळ आणि कमरेवर हात, की विठ्ठल. धनुष्य दिलं की राम.

२. पांढरं धोतर किंवा पायजमा आणि पांढरी बंडी. टोपी, टाळ आणि भगवी पताका, की वारकरी. खांद्यावर घोंगडी आणि डोक्याला मुंडासं, की शेतकरी.

३. शिवलेली नऊवारी. डोक्यावर पदर, ठसठशीत कुंकू आणि हातात पुस्तक, की सावित्रीबाई. काठ जरीचे, गळ्यात खोटा कोल्हापुरी साज, की जिजाऊ. हिरवी असेल आणि मुकुट दिला, की रखुमाई.

४. गुडघ्यापर्यंतचा अंगरखा आणि सुरवार. जिरेटोप, कमरपट्टा आणि मोत्याच्या माळा, की शिवाजी महाराज. साधी पगडी आणि ढाल, की मावळा.

पाया चांगल्या कापडाचा करा, तो टिकला पाहिजे. ओळख स्वस्त आणि हलकी करा, ती मोडणारच आहे.

ओळख बरोबर असणं मात्र महत्त्वाचं. शाहू महाराजांचा वेश मागितला तर शिवरायांचा अंगरखा देऊन वेळ मारून नेऊ नका. दसरा चौकात जाऊन पुतळा नीट पाहून या, जुने फोटो पाहा, मग पोशाख ठरवा. ही थोर माणसं आहेत. पोरगं त्यांच्या नावानं स्टेजवर उभं राहणार आहे. आणि एक सांगतो, कुठल्याही पात्रासाठी मुलाच्या तोंडाला काळा रंग फासू नका. पात्र पोशाखातून आणि पोराच्या बोलण्यातून कळतं.

माप आणि शिवण: ज्या गोष्टी व्हिडिओत पटकन गेल्या

माप घेताना सहा आकडे लिहा: खांदा, छाती, कंबर, कमरेपासून घोट्यापर्यंतची उंची, बाहीची लांबी आणि डोक्याचा घेर. डोक्याचा घेर लोक विसरतात आणि मग मुकुट नाकावर येतो. बालवाडी ते दुसरीच्या मुलांचा घेर साधारण १९ ते २१ इंच असतो.

धोतर हे खरं धोतर नसतं. साध्या सैल पायजम्याची कापणी करायची, पुढे निऱ्यांची पट्टी वेगळी तयार करून कमरेत शिवायची आणि कमरेला इलॅस्टिक घालायचं. पाच वर्षांच्या मुलाला साधारण दोन मीटर कापड लागतं. उंचीला खाली दोन इंच दुमड ठेवा आणि बाजूला भरपूर माया सोडा. दुमड कच्च्या टाक्यानं घाला, म्हणजे पुढच्या वर्षी उसवून लांबी वाढवता येते. एवढ्या एका गोष्टीमुळे एकच वेश दोन-तीन वयांना बसतो. भाड्याच्या धंद्यात ही माया म्हणजे पैसा आहे.

मुकुटासाठी पुठ्ठ्याची पट्टी डोक्याच्या घेरापेक्षा दोन इंच कमी कापा आणि मागे इलॅस्टिक लावा. कपाळाला लागणाऱ्या बाजूला आतून जुन्या बनियनच्या कापडाची पट्टी चिकटवा. सोनेरी कागदाची कड कपाळाला घासली की पोरगं दहा मिनिटांत मुकुट काढून फेकतं.

फेटा मुलाच्या डोक्यावर बांधायचा नाही. जुन्या टोपीवर दोन-तीन मीटर मऊ कापड गुंडाळून सुई-दोऱ्यानं टाके घालायचे. मोठ्यांचा फेटा आठ-नऊ मीटरचा असतो, तेवढं वजन पोराच्या मानेला झेपत नाही.

कापड कुठून घ्यायचं? एकच वेश करायचा असेल तर घरातली जुनी साडी काढा. काठाची लेस झाली, पदराचा शेला झाला. धंदा करायचा असेल तर गांधीनगरला घाऊक बाजारात ठाण घ्या. पण आधी सीझनची यादी करा आणि मगच जा. स्वस्त दिसलं म्हणून घेतलेलं कापड कपाटात पडून राहतं, आणि कपाटात पडलेलं कापड म्हणजे अडकलेलं भांडवल.

वेश द्यायच्या आधी पाच चाचण्या

मूल वेश घालून फोटोसाठी नाही, दोन-तीन तासांसाठी उभं राहणार असतं. म्हणून ट्रायलला हे पाच प्रकार करून घ्याच.

- मांडी घालून खाली बसता येतं का?
- दोन्ही हात डोक्यावर नेता येतात का?
- जिना चढता-उतरता पायात कापड अडकतं का? धोतर-नऊवारी जमिनीपासून दोन इंच वर हवी.
- बाथरूमला जाताना बाईंना पटकन सोडवता येतं का? दहा गाठी आणि आठ पिना असतील तर पोरगं लाजेनं सांगत नाही आणि मग स्टेजवर रडतं.
- उन्हात पाच मिनिटं उभं राहिल्यावर अंग खाजतं का? चमकी कापड असेल तर आतून सुती अस्तर किंवा बनियन हवाच.

गळ्याभोवती नाडी बांधायची नाही. शेला, केप, माळ, जे गळ्यात येईल त्याला मागे वेल्क्रो लावा, म्हणजे ओढ बसली की सुटतं. उघडी पिन कुठंही नको. तलवार फोमची किंवा पुठ्ठ्याची. मिशी काजळाची, चिकटवायची नाही. आणि नायलॉन, सॅटिनचा वेश घातलेल्या मुलाच्या हातात पेटलेली आरती देऊ नका, हे पालकांना तोंडानं सांगा. हे कापड पेटलं की वितळून अंगाला चिकटतं.

आता हिशोब: तुमचा तास कितीला विकला?

कृष्णाचा एक वेश घेऊ. आकडे उदाहरणाचे आहेत, तुमच्या भागातले भाव घालून स्वतः मांडा.

साहित्य:
- पितांबराचं कापड २ मीटर, ₹८० नं: ₹१६०
- शेल्याचं कापड १ मीटर: ₹६०
- लेस ४ मीटर, ₹१० नं: ₹४०
- इलॅस्टिक, दोरा: ₹१५
- मुकुटाचा पुठ्ठा, सोनेरी कागद, मोरपीस: ₹२५
- बासरी: ₹२०

साहित्य एकूण ₹३२०.

वेळ: कापणी अर्धा तास, शिवण दीड तास, मुकुट पाऊण तास, इस्त्री-फिनिशिंग पाव तास. एकूण ३ तास. तासाला ₹६० धरले तर ₹१८०.

वीज, सुई, तेल, पिशवी, आणण्या-नेण्याचं पेट्रोल: ₹३०.

म्हणजे वेश तुम्हाला पडला ₹५३० ला. त्यावर २० टक्के नफा ₹१०६. विक्रीची किंमत साधारण ₹६४०.

आता काय होतं ते बघा. गिऱ्हाईक येतं, म्हणतं, "वहिनी, ओळखीतलंच हाय की, चारशे घ्या." आपण भिडेखातर हो म्हणतो. ४०० मधून साहित्याचे ३२० गेले, वरखर्चाचे ३० गेले. उरले ५०. तीन तासांचे ५० रुपये. म्हणजे तासाला १७ रुपये सुद्धा नाहीत! आणि आपण घरी सांगतो, "आज चारशेचं काम झालं."

बऱ्याच घरांत हेच चाललंय. बाईच्या मशीनवरच्या वेळेला किंमतच धरली जात नाही, कारण ती "घरीच तर असते". घरचे धरत नाहीत, गिऱ्हाईक धरत नाही आणि सगळ्यात वाईट म्हणजे ती स्वतः धरत नाही. मग दोन वर्षांनी मशीनवर चादर टाकली जाते आणि सगळे म्हणतात, "यात काही राम नाही." धंद्यात राम होता. हिशोबात तास नव्हता.

तासाचा दर कसा ठरवायचा? सोपं आहे. याच वेळात तुम्ही दुसऱ्याच्या टेलरिंगच्या दुकानात बसला असता तर काय मिळालं असतं? त्यापेक्षा कमी धरू नका. दर ठरला की वहीच्या पहिल्या पानावर लिहा. ओळखीच्या माणसाला सवलत द्यायची असेल तर नफ्यातून द्या. तुमच्या तासातून देऊ नका. वरच्या हिशोबात नफा ₹१०६ आहे, म्हणजे जास्तीत जास्त ₹१०० कमी. त्याखाली गेलात की तुम्ही स्वतःच्या खिशातून दुसऱ्याच्या पोराला कृष्ण करताय.

बाजारात तयार वेश स्वस्त मिळतात, त्यांचं काय? त्यांच्याशी किमतीत भांडू नका, हराल. तुमची बाजू वेगळी आहे: मापात बसणारा, आतून सुती, बाथरूमला सोडवता येणारा, वेळेवर मिळणारा वेश. हे गिऱ्हाईकाला बोलून दाखवा. न सांगता कळत नाही.

विकायचं की भाड्यानं द्यायचं?

नाटकांना वेश भाड्यानं देणारा ड्रेपरीवाला महाराष्ट्राला नवा नाही. आणि आपलं गाव तर नाटक-सिनेमाचं. बाबूराव पेंटरांनी महाराष्ट्र फिल्म कंपनी इथं काढली, १९२० साली 'सैरंध्री' आणला. प्रभात कंपनी सुद्धा १९२९ साली इथंच सुरू झाली आणि १९३३ ला पुण्याला गेली. दुसरीकडे बालगंधर्वांची नाटक कंपनी आठवा. भारी शालू, अस्सल अत्तर, डोळे दिपवणारा थाट, आणि कंपनीच्या डोक्यावर मोठं कर्ज. कला थोर होती, तिच्यापुढे आपण हात जोडू. पण धंदा म्हणून शिकायचं ते हे, की थाटाला सुद्धा हिशोब लागतो.

आपला कृष्ण ₹५३० ला पडला. भाडं ठेवलं ₹१५०. प्रत्येक वेळी परत आल्यावर धुणं, इस्त्री, टाका घालणं यात ₹३० खर्च आणि अर्ध्या तासाचे ₹३०. हातात उरले ₹९०. ५३० भागिले ९०, म्हणजे सहाव्या भाड्याला वेशाचे पैसे वसूल.

ऐकायला मस्त वाटतं ना? थांबा. गोकुळाष्टमी वर्षातून एकदा येते. त्या दिवशी दहा जण मागतील, पण एक वेश एकालाच जाईल. अजून एखादं स्नेहसंमेलन धरा. म्हणजे वर्षाला दोन भाडी. सहा भाड्यांना तीन वर्षं लागली. तोवर लेस काळी पडली.

म्हणून वर सांगितलेला पाया-ओळखीचा नियम. तेच पितांबर आषाढीला विठ्ठलावर जातं, अष्टमीला कृष्णावर, संमेलनात रामावर, एखाद्या वेशभूषा स्पर्धेत अजून कोणावर. वर्षाला चार भाडी. दोन वर्षांत आठ भाड्यांचे ₹७२०. विठ्ठल आणि रामाचे जादा मुकुट, साहित्य आणि वेळ धरून प्रत्येकी ₹७०, म्हणजे ₹१४० वजा. उरले ₹५८०. दुसऱ्या वर्षाच्या आतच वेश फिटला, तिसऱ्या वर्षी नफा.

नियम असा लक्षात ठेवा: ज्याची मागणी वर्षातून एकदाच, ते विका. ज्याचा पाया चार ठिकाणी फिरतो, ते भाड्यानं द्या.

भाड्याला डिपॉझिट घ्याच, भाड्याच्या दुप्पट, म्हणजे इथं ₹३००. देताना फोटो काढा, आणि यादी करून मोजून द्या: धोतर १, शेला १, मुकुट १, बासरी १. परत घेताना तीच यादी. भांडण होत नाही.

शाळेची मोठी ऑर्डर आली तर

समजा, नाचासाठी २० कृष्ण हवेत. घाबरू नका आणि हुरळूनही जाऊ नका.

एकूण किंमत २० गुणिले ६४०, म्हणजे ₹१२,८००. साहित्य २० गुणिले ३२०, म्हणजे ₹६,४००. नीट बघा, साहित्य बरोबर निम्म्या रकमेचं आहे. म्हणून ५० टक्के ॲडव्हान्स. ॲडव्हान्स आला तर कापड त्यांच्या पैशानं येतं. नाही आला तर तुम्ही शाळेला बिनव्याजी कर्ज दिलं.

आता वेळ. थर लावून एकदम कापलं की एका वेशामागे अर्धा तास वाचतो. अडीच तासांप्रमाणे २० वेशांना ५० तास. घरकाम सांभाळून रोज ४ तास बसलात तर १३ दिवस. ट्रायल आणि दुरुस्तीला ३ दिवस. म्हणजे १६ दिवस आधी ऑर्डर पक्की हवी. त्याच्या आत आली तर मदतीला कोणाला तरी घ्या, किंवा नम्रपणे नाही म्हणा.

सवलत मागतीलच. वाचलेला अर्धा तास म्हणजे ₹३०. एका वेशामागे तेवढीच सवलत द्या. त्यात तुमचं काही जात नाही. ॲडव्हान्स मात्र निम्म्याच्या खाली येऊ देऊ नका, साहित्याचे ६,४०० तेवढेच राहतात. आणि एक वेश जास्तीचा शिवून ठेवा, ऐनवेळी एखादा फाटतोच.

हा मेसेज सेव्ह करून ठेवा

ऑर्डर घेताना फोनवर बोलून सोडू नका, लिहून पाठवा:

"नमस्कार. वेश: कृष्ण (पितांबर, शेला, मुकुट, बासरी). मुलाचं वय आणि सहा मापं कळवा. किंमत ₹६४०, ॲडव्हान्स ₹३२०. ट्रायल कार्यक्रमाच्या तीन दिवस आधी. उरलेली रक्कम वेश नेताना. ॲडव्हान्स मिळाल्यावर ऑर्डर पक्की."

यात उद्धट काही नाही. स्पष्ट आहे. आणि एक, उद्यम नोंदणी करून घ्या. सरकारच्या पोर्टलवर ती मोफत होते, आधार आणि पॅन लागतं. त्यासाठी कोणी पैसे मागत असेल तर देऊ नका.

आजचा गृहपाठ

१. पुढच्या तीन महिन्यांतल्या तारखा कॅलेंडरवर लाल पेनानं खुणा करा. प्रत्येक तारखेच्या २० दिवस आधी दुसरी खूण. काम त्या दुसऱ्या खुणेला सुरू होतं.

२. चारपैकी एकच पाया निवडा आणि दोन मापांत शिवा. चारही एकदम नको.

३. शेवटच्या तीन ऑर्डरींचा हिशोब वर दिलाय तसा मांडा आणि तुमचा तास कितीला गेला ते काढा. आकडा कमी आला तर वाईट वाटून घेऊ नका, पुढच्या गिऱ्हाईकाला नवा दर सांगा. पहिल्यांदा सांगताना जीभ अडखळते. तिसऱ्यांदा सांगताना अडखळत नाही.

पुढच्या व्हिडिओत शिवलेली नऊवारी घेऊ, कापणीपासून काष्ट्यापर्यंत. तोवर एक जुनी काठाची साडी शोधून ठेवा. भेटूया!